सेट उतरला, कर्ज उरले

औसा - 'एलिमेंटरी' आणि 'इंटरमिजिएट' या चित्रकलेच्या शासकीय ग्रेड परीक्षा देणाऱ्या ग्रामीण विद्यार्थ्यांपुढे कला दिग्दर्शन हा व्यवसाय म्हणून मांडायचा झाल्यास नितीन चंद्रकांत देसाई यांचे नाव टाळता येत नाही. मात्र त्यांच्या यशाइतकाच त्यांच्या कारकिर्दीचा शेवटही अभ्यासण्याजोगा आहे. या व्यवसायातील कर्तृत्व आणि त्यातील मालकी या दोन भिन्न बाबी आहेत, हे त्यातून स्पष्ट होते.

दापोलीत १९६५ मध्ये जन्मलेल्या देसाई यांनी मुंबईत कलाशिक्षण घेतले. १९८७ मध्ये 'तमस' मालिकेसाठी नितीश रॉय यांचे साहाय्यक म्हणून त्यांनी कामाला प्रारंभ केला. 'चाणक्य' मालिकेने त्यांना स्वतंत्र संधी दिली, तर '१९४२ : अ लव्ह स्टोरी'ने (१९९४) चित्रपटसृष्टीत स्थान. पुढे 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर', 'हम दिल दे चुके सनम', 'लगान' आणि 'देवदास' या चार चित्रपटांसाठी त्यांना कला दिग्दर्शनाचे राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. कच्छच्या माळरानावर वसविलेले 'लगान'मधील गाव आणि 'देवदास'मधील रंगीत काचांचा महाल एकाच हातचे, यावरून त्यांचा आवाका लक्षात यावा. लालबागच्या राजाचा मंडपही त्यांनी वर्षानुवर्षे सजविला.

तात्पुरत्या कलेचे अर्थकारण

या व्यवसायाचे गणित मात्र विचित्र आहे. सेटचा खर्च निर्माता करतो आणि चित्रीकरण संपताच बहुधा तो मोडीत निघतो. कलावंताकडे उरते ते मानधन आणि नाव. हे चित्र पालटण्यासाठी देसाई यांनी २००५ मध्ये कर्जतजवळ सुमारे ५२ एकरांवर एन. डी. स्टुडिओ उभारला. औशाचा भुईकोट किल्ला पाहिलेल्यांना खंदक आणि तटबंदी यांचा विस्तार ठाऊक आहे. आगऱ्याच्या किल्ल्याची तशीच भव्य प्रतिकृती 'जोधा अकबर'साठी (२००८) लाकूड व प्लास्टरमधून या स्टुडिओत साकारली. 'राजा शिवछत्रपती' मालिका आणि 'बालगंधर्व' (२०११) हा चित्रपट यांच्या निर्मितीतही त्यांनी स्वतः उडी घेतली.

येथेच कलावंताचा उद्योजक झाला आणि जोखीमही पालटली. सेट एका चित्रपटापुरता असतो. स्टुडिओची देखभाल, वेतन आणि व्याज मात्र चित्रीकरण असो वा नसो, दरमहा दारात उभे असते. २०१६ आणि २०१८ मध्ये घेतलेले १८५ कोटी रुपयांचे कर्ज २०२० पासून थकू लागले. त्यातच कोरोनाकाळात चित्रीकरणे थंडावली. २०२१ मध्ये 'जोधा अकबर'च्या सेटला आग लागली. थकबाकी सुमारे २५२ कोटींवर गेल्यानंतर जुलै २०२३ मध्ये राष्ट्रीय कंपनी विधी न्यायाधिकरणाने दिवाळखोरीची प्रक्रिया सुरू केली. २ ऑगस्ट २०२३ रोजी देसाई यांनी याच स्टुडिओत जीवनयात्रा संपविली.

प्रश्न धोरणाचा

पुढे हा स्टुडिओ राज्य शासनाच्या महाराष्ट्र चित्रपट, रंगभूमी आणि सांस्कृतिक विकास महामंडळाकडे गेला. ही वास्तू टिकवणे हे संस्थेचे काम होते, ते एका व्यक्तीच्या कर्जावर उभे राहिले, हाच या घटनाक्रमाचा अर्थ. अशा सुविधांत सार्वजनिक भांडवल आधीच आले असते, तर जोखीम विभागली गेली असती.

मराठवाड्यातील होतकरूंसाठी धडा दुहेरी आहे. छत्रपती संभाजीनगरचे शासकीय कला महाविद्यालय रेषा आणि रंग शिकवू शकते. तथापि करार, अंदाजपत्रक आणि कर्जाची मर्यादा यांचे ज्ञान अभ्यासक्रमात आल्याखेरीज हा व्यवसाय पुरता शिकविला गेला, असे म्हणता येणार नाही. औशाच्या शाळेतील चित्रकलेच्या तासाला बसलेल्या मुलाने मुंबईची वाट जरूर धरावी. पण सोबत कुंचल्याबरोबर हिशेबाची वहीही असू द्यावी.