‘क्षुल्लक कारणावरून खून’: कारण खरंच क्षुल्लक असतं का?

पेपरातलं एक वाक्य आपण इतक्यांदा वाचलंय की त्यावर नजरही थांबत नाही: ‘क्षुल्लक कारणावरून खून.’ गाडी लावण्यावरून, दारूला पैसे दिले नाहीत म्हणून, रागाने बघितलं म्हणून. माझ्या मते हे वाक्य आपली दिशाभूल करतं. कारण क्षुल्लक आहे म्हटलं की शोध तिथेच संपतो.

राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या अहवालानुसार 2022 मध्ये देशात खुनाचे 28,522 गुन्हे नोंदले गेले. कारणांमध्ये सर्वांत मोठा गट आहे ‘वाद’, सुमारे दहा हजार. घरातले, जमिनीचे, पैशांचे, शेजारपाजारचे वाद. त्याखालोखाल वैयक्तिक वैर. निव्वळ लाभासाठी केलेले खून दोन हजारांच्याही आत. लोकसंख्येच्या मानाने आपल्याकडे खून कमीच होतात, लाखामागे दोनच्या आसपास. जगाची सरासरी सहाच्या जवळ आहे. पण जे होतात, त्यांतले पुष्कळसे बोलाचालीतून सुरू झालेले असतात. सिनेमातला व्हिलन वेगळा आणि हे वेगळं.

बोलाचाली वाढते कुठे? चारचौघांत. दोघंच असतील तर एक जण बहुधा मागे सरतो. बघणारे जमले की माघार म्हणजे नाक कापलं गेलं असं वाटतं, विशेषतः मुलग्यांना. आणि हे त्यांना शिकवतं कोण? “मार खाऊन घरी येऊ नकोस” हे वाक्य मी पालकसभेत किती वेळा ऐकलंय! मुलगी रडत आली तर जवळ घेतो, मुलगा रडत आला तर “बायकांसारखा रडतोस काय” म्हणतो. मग त्याच्याकडे राग सोडून दुसरं उरतं काय?

आता आपल्या गावाकडे बघा. कुळगाव-बदलापूरची लोकसंख्या 2011 मध्ये पावणेदोन लाखांच्या घरात होती, त्याआधीच्या जनगणनेत ती लाखाच्याही आत होती. इमारती उभ्या राहिल्या, माणसं कुठून कुठून आली, सकाळी लोकल पकडून रात्री परतू लागली. शेजाऱ्याचं नाव माहीत नाही, तर भांडणात “अरे, जाऊ दे” म्हणणारा काका कुठून आणायचा? त्यात जमिनीला सोन्याचा भाव. 2 फेब्रुवारी 2024 ला उल्हासनगरच्या हिल लाइन पोलीस ठाण्यात, वरिष्ठ निरीक्षकांच्या दालनातच, महेश गायकवाड यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. त्या प्रकरणात कल्याण पूर्वचे तेव्हाचे आमदार गणपत गायकवाड यांना अटक झाली. मूळ वाद जमिनीचा. जखमी वाचले. पण वाद मिटवायला जिथे जायचं, तिथेच गोळी चालली, हे मुलांनी मोबाइलवर पाहिलं.

दुसरी बाजूही आहे. त्याच वर्षी बदलापुरात लहान मुलींवर अत्याचार झाले, पालकांना तक्रारीसाठी पोलीस ठाण्यात तासन् तास ताटकळावं लागलं. 20 ऑगस्टला लोक रेल्वे रुळांवर उतरले. तो संताप खराच होता, मला त्यात खोट काढायची नाही. पण “आत्ताच फाशी द्या, आमच्या ताब्यात द्या” या घोषणा मला आजही अस्वस्थ करतात. 23 सप्टेंबरला आरोपी पोलिसांच्या गोळीने मेला, पेढे वाटले गेले. पुढे दंडाधिकाऱ्यांच्या चौकशी अहवालाने पाच पोलिसांना त्यासाठी जबाबदार धरलं. खटलाच झाला नाही, तर त्या मुलींना न्याय मिळाला असं कसं म्हणायचं? तक्रार वेळेवर न घेणारी यंत्रणा आणि हातघाईवर येणारा जमाव, ही एकाच साखळीची दोन टोकं आहेत.

मग हिंसा आटोक्यात येते कशाने? लांब जायला नको, आपल्याच जिल्ह्यातली भिवंडी घ्या. 1970 आणि 1984 मध्ये तिथे भीषण दंगली झाल्या. नंतर पोलीस उपायुक्त सुरेश खोपडे यांनी मोहल्ला कमिट्या उभ्या केल्या. दोन्ही समाजांची साधी माणसं पोलिसांसोबत नियमित बसू लागली, किरकोळ तक्रारी तिथेच मिटू लागल्या. 1992-93 मध्ये मुंबई पेटली तेव्हा भिवंडी शांत राहिली. 15 ऑगस्ट 2007 ला आर. आर. पाटलांच्या पुढाकाराने सुरू झालेल्या महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहिमेमागेही हाच विचार होता. काही गावांत ती बक्षिसापुरती उरली, हेही खरं.

मात्र मध्यस्थ कोण, हे बघायलाच हवं. जातपंचायतीही तंटे मिटवतातच की! पण वाळीत टाकून, दंड लावून. म्हणून तर 2016 चा सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा करावा लागला. मध्यस्थी कायद्याच्या आत हवी, आणि दुबळ्या बाजूलाही तिथे बोलता आलं पाहिजे.

वर्गात मी एवढंच करते: भांडण झालं की आधी बघ्यांना जागेवर बसवते. मग दोघांना बाकावर शेजारी बसवून प्रत्येकाला समोरच्याचं म्हणणं सांगायला लावते, स्वतःचं नाही. “बाई, त्याने आईवरून शिवी दिली” इथपासून “मी आधी त्याची पट्टी घेतली होती” इथपर्यंत यायला दहाएक मिनिटं लागतात. त्या दिवशी गणिताचा तास तेवढा मागे पडतो. आपल्या सोसायटीच्या कमिटीत, शाळा व्यवस्थापन समितीत पार्किंगच्या किंवा पोरांच्या भांडणासाठी अशी दहा मिनिटं कोण देतं, ते जरूर कळवा.