रस्ता कोणाचा?

शर्यतींमुळें अमेरिकेंतील मोटारधंदा वाढला, म्हणून त्यांतील प्राणहानि हा प्रगतीसाठीं केलेला त्याग समजावा, असें म्हणणारे पुष्कळ आहेत. आम्हांस हा युक्तिवाद मान्य नाहीं. १९०४ सालीं विल्यम व्हँडरबिल्ट या धनिकानें न्यूयॉर्कजवळील लाँग आयलंडवर, रहदारीच्या रस्त्यांवरच, आपल्या चषकाची शर्यत भरविली. पहिल्याच वर्षीं चालकाशेजारीं बसणारा एक मेकॅनिक प्राणांस मुकला. १९०६ सालीं एक प्रेक्षक ठार झाला. तेव्हां खासगी मोटारमार्ग बांधण्यांत आला. म्हणजे सार्वजनिक रस्ता या खेळास योग्य नव्हे, हें पुरस्कर्त्यांनीं कृतीनेंच कबूल केलें. तरीहि १९०८ व १९१० सालच्या शर्यतींचा निम्म्याहून अधिक मार्ग लोकांच्याच रस्त्यांवरून गेला, आणि १९१० सालीं आणखी दोन मेकॅनिक बळी पडले! १९०८ सालीं अमेरिकन लोकोमोबिल गाडी जिंकली, याचा गौरव खुशाल करावा. परंतु प्राण देणारा एक आणि चषक मिरविणारा दुसरा, अशा व्यवहारास त्याग म्हणणें ही त्या शब्दाची विटंबना होय.