पाचगणीचा फ्रेडी चालतो, लोणावळ्याचा पोरगा नाही

नोव्हेंबर आला की फोनवर तो मेसेज फिरतो. 'जगप्रसिद्ध फ्रेडी मर्क्युरी आपल्या पाचगणीत शिकला, अभिमान बाळगा!' यंदा तो मला पाठवला त्याच शेजाऱ्यांनी, ज्यांनी लोणावळ्यातल्या आमच्या इमारतीत चार पोरांची गिटार-ड्रमची तालीम बंद पाडली. त्या चौघांत माझा भाचाही होता.

अभिमान बाळगायचा, तर आधी हकीकत नीट माहीत करून घ्या. १९५८ साली सेंट पीटर्स शाळेतल्या बारा-तेरा वर्षांच्या पाच मुलांनी 'द हेक्टिक्स' नावाचा बँड काढला. लिटल रिचर्ड, क्लिफ रिचर्ड, फॅट्स डॉमिनो यांची गाणी ते शाळेच्या कार्यक्रमांत वाजवत. बेस म्हणून चहाच्या रिकाम्या पेटीला काठी आणि दोरी. झांझिबारहून आलेला फारोख बुलसारा पियानोवर होता. मुख्य गायक तो नव्हताच, तो मान ब्रूस मरेचा. म्हणजे पुढे जगाने ज्याच्या आवाजासाठी जीव टाकला, तो पोरगा तेव्हा मागे बसून शिकत होता. कच्चं वाजवायची त्याला मुभा होती. शाळेने त्याला स्टार बनवलं नाही, पियानो आणि जागा दिली. एवढंच पुरलं.

'अशाने पोरं बिघडतात' म्हणणाऱ्यांनी उरलेल्यांचंही ऐकावं. व्हिक्टरी राणा नेपाळी सैन्यात लेफ्टनंट जनरल झाले. डेरिक ब्रँच ब्रिटनमध्ये अभिनेते झाले. फरांग इराणींनी पुण्यात सिझलर्सचं हॉटेल चालवलं. यात बिघडलेला कोण, ते दाखवा.

आमच्या मोहल्ल्यात कुणी म्हणतं, हे हराम आहे. शेजारच्या आळीत म्हणतात, ही आपली संस्कृती नाही. एरवी एकमेकांचं न पटणारे इथे मात्र एका सुरात बोलतात! मिरजेच्या सतारी कुणी घडवल्या, हे पहिल्यांनी आठवावं. दुसऱ्यांनी भाज्याला जाऊन यावं. तिथल्या लेण्यात एक बाई वाद्य वाजवते आहे आणि दुसरी नाचते आहे. मावळात वाजवणं दोन हजार वर्षांचं जुनं आहे.

आवाजाचा त्रास होतो, हे मान्य. इमारतीत म्हातारी माणसं आहेत, दहावीची मुलं आहेत. मग वेळ ठरवा, दारं-खिडक्या लावायला सांगा. पण उरुसात आणि मिरवणुकीत डीजेच्या भिंती उभ्या राहतात तेव्हा ज्यांचे कान दुखत नाहीत, त्यांनी पोरांच्या गिटारवर कायदा शिकवू नये.

फारोख पारशी, परदेशात जन्मलेला, इंग्रजीत गाणारा. तो आज आमच्या इमारतीत राहत असता, तर त्याला आपण 'आपला' म्हटलं असतं का? मेल्यावर आणि नाव झाल्यावर आपला म्हणायला काहीच पडत नाही.

माझी मागणी साधी आहे. रविवारी शाळांचे वर्ग रिकामे असतात. मावळातल्या एका तरी शाळेने त्यातला एक वर्ग दोन तास या पोरांना द्यावा. मग तो मेसेज खुशाल पाठवा.