विश्वासरावाचा कान आणि आमचं पान



मागच्या रविवारी आपल्या अभ्यासवर्गात एकजण म्हणाला, "विज्ञानकथा म्हंजे पोट भरलेल्यांचा खेळ. आपल्याला काय करायचंय?" बाकीच्यांनी माना डोलावल्या. मी रात्रपाळी करून आलेलो, डोळ्यांवर झापड, म्हणून गप्प बसलो. आता बोलतो.

जयंत नारळीकरांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' वाचलीय का कुणी? 'यक्षांची देणगी'त आहे. गंगाधरपंत गायतोंडे हा इतिहासाचा प्राध्यापक. ट्रकचा अपघात होतो आणि माणूस पोचतो दुसऱ्याच जगात. तिथं मराठे पानिपत जिंकलेले. हा मुंबईच्या टाऊन हॉलमधल्या लायब्ररीत बसतो, आपण स्वतःच लिहिलेला इतिहास तिथं वेगळाच छापलेला बघतो. भाऊसाहेबांची बखर चाळतो. आपल्या जगात १४ जानेवारी १७६१ ला विश्वासरावाला गोळी लागली. तिथं ती कानाजवळून गेली. ते पुस्तक चुकून खिशात राहतं. पुढं आझाद मैदानावरच्या सभेत रिकामी खुर्ची बघून हा तिच्यावर जाऊन बसतो आणि लोकांचा मार खातो. (रिकाम्या खुर्चीवर बसला म्हणून मार. आपल्याला यात नवल वाटायचं कारण नाही.) परत येतो तेव्हा पुस्तक हरवलेलं, हातात फक्त एक फाटकं पान.

त्या एका पानावर सगळी कथा उभी आहे. दुसऱ्या जगाची खबर या जगात साठवून आणणारं यंत्र म्हंजे ते पान. ना तार, ना डबा. एक कागद.

आता मी विचारतो, आणलं काय? राजपुत्राचा कान! सबंध जग उलटं झालं, लायब्ररी भरून पुस्तकं होती, आणि आमच्या इतिहासकाराच्या हाताला लागला पेशव्याच्या पोराचा कान. महारवाड्याचं पान त्यानं मागितलंच नाही. त्या जगात पुण्याची गादी टिकली, शास्त्र आलं, यंत्रं आली, हळूहळू लोकशाहीसुद्धा आली म्हणे. गळ्यातलं मडकं कधी उतरलं? कमरेचा झाडू कुणी सोडला? बाबासाहेबांनी १९३६ मध्ये 'जातिप्रथेचे निर्मूलन'मध्ये ज्या पुण्याबद्दल लिहून ठेवलं, त्याच पुण्याचं हे राज्य. कथेत यावर एक ओळ नाही.

नारळीकरांशी माझं भांडण नाही. २०२५ मध्ये माणूस गेला. दाभोलकरांच्या बरोबरीनं त्यांनी ज्योतिषाची परीक्षा घेतली आणि भविष्यवाल्यांना उघडं पाडलं. असा माणूस आपलाच. पण भल्या माणसालासुद्धा आमची ओळ दिसली नाही, म्हणून तर बोलावं लागतं. माझं भांडण आहे ते 'पानिपत जिंकलो असतो तर' म्हणून चहाच्या कपावर उसासे टाकणाऱ्यांशी. 'जिंकलो असतो' यात 'आपण' कोण, बाबा?

पानिपत जिंकलं असतं तर १ जानेवारी १८१८ उगवला नसता. कोरेगावचा खांब नसता. त्या दगडावर शेवटी 'नाक' असलेली नावं कोरलीत. ज्यांच्या सावलीचा विटाळ व्हायचा त्यांची नावं, तीही दगडात. माहिती साठवायचं आपलं सगळ्यात जुनं यंत्र ते. १ जानेवारी १९२७ ला बाबासाहेब तिथं गेले ते दगड बघायला नव्हे. आणि पलटणी नसत्या, तर सुभेदार रामजी नसते. पुढचं मी लिहीत नाही, हात थरथरतो.

कुणी म्हणेल, हा गोऱ्यांची आरती करतो. अजिबात नाही. गोऱ्यांनी गरज होती तोवर वापरलं आणि एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी महारांची भरती बंद केली. त्यांचं काय सांगता! मी एवढंच म्हणतो की काळाला फाटा फुटतो तो सगळ्यांसाठी एकाच गावाला जात नाही.

म्हणून आपला फाटा आपण धरावा. १७६१ त्यांचं. आपलं १९३२. ऑगस्टमध्ये स्वतंत्र मतदारसंघ हातात आले, माणसाला दोन मतं, एक आपल्या माणसासाठी, एक सगळ्यांबरोबर. येरवड्यात उपास सुरू झाला आणि २४ सप्टेंबरला पुण्यात सही झाली. ती सही झाली नसती तर? या जगाचं पान कुणी आणलंय? कुणी नाही. मग कशाला म्हणता की हा आपला खेळ नव्हे?

आणि ते पान गोडच निघेल असंही समजू नका. तिथंही आपण हरलेले असू. गावोगाव वाडे पेटलेले असतील. खोटं गोड पान लिहायचं तर त्यांच्यात नि आपल्यात फरक काय?

शास्त्राची गोष्टही सांगतो, मी ती लायब्ररीत बसून वाचलीय. १९५७ मध्ये ह्यू एव्हरेट नावाच्या अमेरिकन माणसानं मांडलं की अणूच्या पोटातल्या घटनांना अनेक निकाल असतात आणि प्रत्येक निकालाचं वेगळं जग फुटतं. पण फुटलेली जगं एकमेकांशी बोलत नाहीत. म्हंजे पान खिशातून येणं शक्य नाही, ती कथेची करामत. रिंग खात्यात धागा तुटला तर मी बोटानं सांधतो. हा धागा सांधता येत नाही. इथं जे पुसलं ते इथंच पुसलं.

आमच्या घराण्याचा वतनाचा कागद होता. जमिनीच्या भांडणासाठी मी त्याची नक्कल मागायला कचेरीत गेलो. तीन खाडे झाले, तीन दिवसांचा पगार कापला. शेवटी कारकुनानं सांगितलं, "तो गठ्ठा वाळवीनं खाल्ला." वर हसला. शेजारच्या कपाटात पाटलाच्या घराण्याचे गठ्ठे लाल फडक्यात बांधलेले, कोरेकरकरीत. वाळवीलासुद्धा जात कळते!

मी १९३२ चं पान लिहायला घेतलंय. पुढच्या अंकाला देईन म्हणतो. पणजोबा मत द्यायला निघालाय, नवं धोतर नेसलाय, इथवर झालं. पुढं अडलोय. त्या काळी मत सगळ्यांना नव्हतं. सारा किती भरतो, शिकलाय किती, हे बघून मत मिळायचं. शिकलेला तर तो नव्हताच. जमीन किती होती, सारा किती, ते त्या वाळवीनं खाल्लेल्या कागदावर होतं. तेव्हा पणजोबा वेशीपाशी उभा आहे, धोतर नेसून.