घरून काम कोणाचे, समुद्रात मरण कोणाचे?

२१ नोव्हेंबर २०२५ रोजी केंद्र सरकारने चार कामगार संहिता लागू केल्या. त्यांच्या गुणगानात एक मुद्दा मोठ्या कौतुकाने सांगितला गेला. सेवाक्षेत्रात मालक आणि कामगार यांच्या परस्पर संमतीने आता घरून काम करता येईल! आमचा या सवलतीला विरोध नाही. लहान मूल असलेल्या बाईला, अपंग माणसाला, बदलापूर-विरारहून लोकलच्या दाराला लटकत येणाऱ्या कारकुनाला ती मिळत असेल तर जरूर मिळावी. आमचा प्रश्न वेगळा आहे. ज्याचे काम घरून होऊच शकत नाही, त्याच्या पदरात या संहितांनी काय टाकले? हा प्रश्न तेल आणि वायूच्या उद्योगात जितका उघडानागडा दिसतो तितका तो क्वचितच दुसरीकडे दिसेल.

मुंबईच्या पश्चिमेला सुमारे १६० किलोमीटरवर, भर समुद्रात, मुंबई हायचे तेलक्षेत्र आहे. १९७४ मध्ये तेथे तेल सापडले आणि १९७६ पासून ते निघू लागले. या उद्योगाचे आज सरळ दोन मजले झाले आहेत. वरच्या मजल्यावर संगणक आहे. विहिरीतला दाब, तापमान, पंपाची गती, भूगर्भाचा नकाशा ही सगळी माहिती तारांवरून आणि उपग्रहावरून जमिनीवर येते. ती वाचणारा भूशास्त्रज्ञ वांद्र्याच्या कार्यालयात असला काय आणि आपल्या दिवाणखान्यात असला काय, कामात फारसा फरक पडत नाही. मार्च २०२१ मध्ये बीपी या बलाढ्य ब्रिटिश तेल कंपनीने आपल्या सुमारे २५,००० कार्यालयीन कर्मचाऱ्यांना आठवड्यातले दोन दिवस घरून काम करण्याची पद्धत घालून दिली, ती याच बळावर. खालच्या मजल्यावर मात्र लोखंड आहे. खाऱ्या हवेने गंजलेला पाइप संगणकावरून खरवडता येत नाही. वेल्डिंग, रिगिंग, रंगकाम, मचाण बांधणे, दोनशे-अडीचशे माणसांचा स्वयंपाक आणि त्यांची खरकटी भांडी ही कामे करायला माणूस देहाने तिथेच असावा लागतो. पाळी बारा तासांची.

हे दोन मजले मे २०२१ मध्ये साऱ्या देशाला दिसले. आम्ही मात्र ते फार लवकर विसरलो.

तेव्हा करोनाची दुसरी लाट होती. महाराष्ट्रात ‘ब्रेक द चेन’चे निर्बंध होते, बहुतेक कार्यालयांत १५ टक्के हजेरीचा नियम होता, सामान्य माणसाला लोकल बंद होती. ज्यांना घरी बसता येत होते ते घरी बसून काम करत होते, आणि ते योग्यच होते. त्याच दिवसांत ओएनजीसीच्या प्रकल्पासाठी अफकॉन्स या कंत्राटदार कंपनीने भाड्याने घेतलेला ‘पी-३०५’ नावाचा निवासी बार्ज मुंबई हायजवळ नांगर टाकून उभा होता. त्यावर २६१ माणसे होती. बार्ज म्हणजे जहाज नव्हे. त्याला स्वतःच्या बळावर चालणारे इंजिन नसते, त्याला ओढून न्यावे लागते. दिवसा प्लॅटफॉर्मवर राबायचे आणि रात्री या तरंगत्या चाळीत झोपायचे, असा हा संसार.

तौक्ते चक्रीवादळ येणार हे कोणापासून लपलेले नव्हते. हवामान खात्याचे इशारे दिवसेंदिवस येत होते, मच्छीमारांना परत बोलावले जात होते. १७ मे रोजी वादळ मुंबईच्या समुद्रावरून गुजरातकडे सरकले. पी-३०५ चे नांगर तुटले, तो भरकटला, आदळला आणि संध्याकाळी बुडाला. ‘वरप्रदा’ ही टग-नौकाही बुडाली. तिच्यावरच्या १३ जणांपैकी दोघेच वाचले. नौदलाच्या आयएनएस कोची, आयएनएस कोलकाता आणि इतर जहाजांनी खवळलेल्या समुद्रातून १८८ माणसे जिवंत काढली. नौदलाच्या त्या जवानांना आमचा सलाम आहे. उरलेली ८६ माणसे गेली.

मग सुरू झाला जबाबदारी ढकलण्याचा खेळ. पोलिसांनी गुन्हा नोंदवला तो बार्जच्या कप्तानावर. कंत्राटदार कंपनीने सांगितले, प्लॅटफॉर्मपासून दोनशे मीटरवर थांबण्याचा निर्णय कप्तानाचा. तो कप्तान वाचलेल्यांत नव्हता, त्यामुळे त्याला विचारण्याची सोय राहिली नाही. मूळ कंपनीचे काम कंत्राटदाराकडे, कंत्राटदाराचा बार्ज भाड्याचा, बार्जवरची बरीचशी माणसे पोटकंत्राटदारांची. साखळी इतकी लांब की प्रत्येक कडीला मागच्या कडीकडे बोट दाखवता येते! आम्ही ज्याला अंतरावरून काम म्हणतो, त्याचा हा खरा भारतीय अवतार आहे. नफा अंतरावरून, हुकूम अंतरावरून, जबाबदारी तर त्याहूनही दूर. देह तेवढा जागेवर.

कोणी म्हणेल, अधिकारीही मरतात. खरे आहे, ते आम्ही नाकारत नाही. जानेवारी २०१८ मध्ये जुहूहून निघालेले पवनहंसचे हेलिकॉप्टर समुद्रात कोसळले, त्यात ओएनजीसीचे पाच अधिकारी आणि दोन्ही वैमानिक गेले. जून २०२२ मध्ये पुन्हा एक हेलिकॉप्टर सागर किरण रिगजवळ पडले, चार जण गेले. जो समुद्रावर जातो तो जीव मुठीत घेऊनच जातो, मग तो कायम असो वा कंत्राटी. २७ जुलै २००५ ची आग आठवा. बोट कापलेल्या एका स्वयंपाक्याला उपचारासाठी आणणारी नौका मुंबई हाय नॉर्थच्या वायुवाहिनीवर आदळली आणि सारा प्लॅटफॉर्म जळून गेला. २२ माणसे गेली. अशा जागी कमीत कमी माणसे ठेवता येतील ती ठेवावीत, हेच या सर्व अपघातांचे सांगणे. पण आपल्याकडे अंतरावरून कामाची चर्चा होते ती कार्यालयातल्या खुर्चीपुरती.

नॉर्वेमध्ये काय झाले ते पाहा. २७ मार्च १९८० रोजी तेथेही कामगारांना राहायला दिलेला ‘अलेक्झांडर किलँड’ नावाचा तरंगता मंच वादळात उलटला आणि १२३ माणसे बुडाली. आपला पी-३०५ म्हणजे त्याचाच चाळीस वर्षांनंतरचा भाऊ. त्याच नॉर्वेत जानेवारी २०१९ मध्ये ‘इव्हार आसेन’ या प्लॅटफॉर्मची नियंत्रण-खोली समुद्रावरून उचलून ट्रॉन्डहाइम शहरात आणली गेली. ‘ओसेबर्ग एच’सारखे मंच तर माणूस न ठेवता चालवले जातात. म्हणजे तंत्रज्ञान खालच्या मजल्यावरच्या माणसालाही वर आणू शकते. मात्र तेथे आणखी एक गोष्ट आहे, जी कोणत्याही संगणकाबरोबर विकत मिळत नाही. १९७७ च्या कायद्याने तेथील कामगारांच्या सुरक्षा-प्रतिनिधीला जीवघेणे काम स्वतःच्या अधिकारात थांबवता येते. त्याने थांबवले की ते थांबते, साहेबाला मागून विचारता येते.

आपल्या नव्या सुरक्षा संहितेत कामगाराला काय दिले? प्राणावर बेतेल अशी रास्त भीती वाटली तर त्याने ती मालकाच्या ‘निदर्शनास आणावी’ आणि निरीक्षकालाही कळवावे. मालकाची खात्री पटली तर त्याने उपाय करावा. निरीक्षकाचे नावही आता ‘निरीक्षक-तथा-सुविधाकार’ झाले आहे, हे जाता जाता सांगितलेले बरे. समुद्रातल्या तेलक्षेत्राच्या सुरक्षेवर २००८ च्या नियमांनुसार लक्ष ठेवते ते तेल उद्योग सुरक्षा संचालनालय. ते पेट्रोलियम मंत्रालयाच्या अखत्यारीत, आणि ओएनजीसीही त्याच मंत्रालयाची. ब्रिटनमध्ये १९८८ साली पायपर अल्फा जळून १६७ माणसे मेल्यावर, तेल काढणाऱ्या खात्यानेच सुरक्षा तपासायची ही पद्धत मोडून काढली गेली आणि ते काम स्वतंत्र यंत्रणेकडे दिले गेले. आपल्याकडे ८६ गेल्यावरही मंत्रालय तेच आणि संचालनालय त्याच मंत्रालयाचे.

आता हा प्रश्न आपल्या चळवळीचा का, ते सांगतो. सार्वजनिक उपक्रमातल्या कायम पदाला बिंदुनामावली असते. १५ टक्के, साडेसात टक्के, २७ टक्के यांचा हिशेब ठेवावा लागतो, अनुशेष विचारता येतो. तेच काम कंत्राटदाराकडे गेले की बिंदुनामावली संपते. आपल्या पहिल्या शिकलेल्या पिढीने सरकारी कंपन्यांत शिरकाव केला, तो या हिशेबाच्या जोरावर. त्यांची मुले आयटीआय करून त्याच तेलक्षेत्रात जातात, पण कंत्राटदाराचा हेल्मेट घालून. बाप फिटर म्हणून कायम, मुलगा फिटर म्हणून सहा महिन्यांच्या पासावर! आणि उद्या ही कामे खरोखरच किनाऱ्यावरच्या नियंत्रण-खोलीत आली, तर? ती खोली कोणाची असेल? जानेवारी २०२५ मध्ये ओएनजीसीने मुंबई हायचे उत्पादन वाढवण्यासाठी त्याच बीपीला तांत्रिक सेवा पुरवठादार म्हणून निवडले. नवे तंत्र येणारच. पण ते आले की वेल्डर-खलाशी कमी होतील आणि पडद्यासमोरच्या खुर्च्या वाढतील. त्या खुर्च्यांवर बाहेरची कंपनी आपली माणसे बसवणार असेल, तर धोक्याचे काम आपले होते तेही गेले आणि सुरक्षित काम आले ते दुसऱ्याचे, असा दुहेरी मार बसेल.

श्रमाची विभागणी वेगळी आणि श्रमिकांची विभागणी वेगळी, हा भेद बाबासाहेबांनी १९३६ सालीच दाखवून दिला होता. १९४२ ते १९४६ या काळात मजूरमंत्री असताना कामाच्या तासांवर, खाणीतल्या बायकांवर, कामगारांच्या विम्यावर त्यांनी लक्ष घातले, ते कामगाराला दान म्हणून नव्हे, हक्क म्हणून. त्या नजरेने घरून कामाकडे पाहिले पाहिजे.

म्हणून तेल कंपन्यांतील मागासवर्गीय कर्मचारी संघटनांना आमची विनंती आहे. तुमच्या वार्षिक निवेदनात पदोन्नती आणि अनुशेष यांच्या बरोबरीने तीन ओळी वाढवा. समुद्रावरच्या कंत्राटी कामगारांतून निवडलेल्या प्रतिनिधीला काम थांबवण्याचा अधिकार द्या. वादळाचा इशारा आला की बार्ज किनाऱ्याला आणण्याचा निर्णय कोणी, किती तासांत घ्यायचा ते लेखी ठरवा आणि तो कागद प्रत्येक बार्जवर मराठी, हिंदी, बंगाली, मल्याळमध्ये लावा. आणि किनाऱ्यावर जी नियंत्रण-खोली उभी राहील तिची पदे कंपनीच्या आस्थापनेवर भरा, बिंदुनामावलीसह, आज समुद्रावर राबणाऱ्यांना प्रशिक्षण देऊन. वादळे मे-जूनमध्ये येतात. निवेदन त्याआधी गेले पाहिजे.