डॉक्टरने कॅमेरा धरला तर सीट वाया जाते?

आपल्या वस्तीतला एखादा डॉक्टर "प्रॅक्टिस सोडून डॉक्युमेंटरी करतो" म्हणाला, की दोन्हीकडून एकच वाक्य ऐकू येतं: सीट वाया घालवली. आरक्षणाचे विरोधक हे बोलणारच. पण आपली ज्येष्ठ मंडळीही तेच बोलतात, म्हणून हे लिहावं लागतंय.

डॉ. श्रीराम लागू कान-नाक-घशाचे सर्जन होते, 1969 मध्ये पूर्णवेळ रंगभूमीवर आले. दौंडचे बालरोगतज्ज्ञ डॉ. जब्बार पटेल यांनी 'सामना' केला, 'सिंहासन' केला, पुढे मामुटीला घेऊन 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर' केला. दोघेही पुण्याच्या बी. जे. मेडिकलचे, म्हणजे सरकारी कॉलेजातले. त्यांच्याकडे कुणी सीटचा हिशेब मागितला? कौतुकच झालं, आणि ते योग्यच होतं. मग हिशेब फक्त आपल्या पोरांकडे का? बाबासाहेबांनी तर सिडनहॅम कॉलेजात प्राध्यापक असतानाच 31 जानेवारी 1920 ला 'मूकनायक' सुरू केलं.

मात्र नुसता स्टेथोस्कोप टाकला म्हणून टाळ्या वाजवायला मी तयार नाही. स्वतःच्याच घुसमटीवर फिल्म काढायची असेल तर खुशाल ओपीडी चालवावी.

चाकणला, भोसरीला पॉवर प्रेसखाली बोटं जातात. केसपेपरवर लिहिलं जातं, "मशीनमध्ये हात सापडून इजा." संपलं. ईएसआयच्या तक्त्यात आख्खी तर्जनी गेली तर कमाईची क्षमता 14 टक्के घटली असं धरतात, एका हाताची चारही बोटं गेली तर 50 टक्के. (ईएसआयची पायाभरणी बाबासाहेब मजूरमंत्री असताना झाली, हे आपण भाषणात सांगतो. तक्ता किती जणांनी वाचलाय?) हा तक्ता डॉक्टरला कळतो. जखम बघून प्रश्न कुठे विचारायचा हेही कळतं: प्रेसचा गार्ड कुणी काढला? ठेक्यावरच्या हेल्परला प्रेसवर कुणी उभं केलं? त्याचं ईएसआय कार्ड कामाला लागला तेव्हा निघालं की बोट तुटल्यावर? टाके घालणारा हे विचारू शकत नाही, त्याच्या दारात पुढचा पेशंट उभा असतो. कॅमेरा विचारू शकतो. आणि चेहरा दिसला तर कामगाराला गेटवरूनच परत पाठवतील, हे भान पेशंटचं गुपित राखायची सवय असलेल्यालाच जास्त असेल.

आनंद पटवर्धनांनी रमाबाईनगरच्या 1997 च्या गोळीबारानंतर 14 वर्षं खपून 'जय भीम कॉम्रेड' केला. ते ऋण मान्य. पण आपल्या माणसांवर रोखलेला कॅमेरा किती वर्षं दुसऱ्यांनीच चालवायचा?

खरी अडचण पोटाची आहे. 14 वर्षं कोण पोसणार? घरी शिक्षणाचं कर्ज, लहान बहिणीची फी. ज्येष्ठांची भीती इथे खोटी नाही. म्हणून तर मंडळांना विचारतोय: 14 एप्रिलला पिंपरीत डीजेवर जो पैसा जातो, त्यातला एका रात्रीचा भाग यंदा अशा एका फिल्मला द्याल का? पहिला शो देहूरोडच्या बुद्धविहाराच्या आवारात लावू. 25 डिसेंबर 1954 ला बाबासाहेबांनी तिथे बुद्धमूर्ती बसवली होती. खुर्च्या मंडळाच्या, पडदा आम्ही आणतो.