नादब्रह्माची घाई

तौलनिक साहित्याभ्यासाच्या नावाखाली आपल्या विद्यापीठीय वर्तुळात रुजलेल्या एका सवयीचे वर्णन ‘हे आमच्याकडे होतेच’ या तीन शब्दांत करता येईल. जे. आर. आर. टोल्किन यांच्या मरणोत्तर प्रसिद्ध झालेल्या ‘द सिल्मरिलियन’ (१९७७) या ग्रंथाचा आरंभ ‘आयनुलिन्दाले’ या सृष्ट्युत्पत्तिकथेने होतो. इलुवातार हा आदिदेव आयनूर नावाच्या दिव्य सत्त्वांपुढे गीताचा विषय मांडतो आणि त्यांच्या वृंदगानातून जगाचा आराखडा आकाराला येतो. हे वाचताच आपला अभ्यासक ‘नादब्रह्म’ असा शेरा मारून मोकळा होतो. शार्ङ्गदेव आणि भर्तृहरी यांची नावे घेतली जातात आणि तुलना संपते. प्रस्तुत लेखकाच्या मते ती तेथे सुरूही झालेली नसते.

नादब्रह्म किंवा शब्दब्रह्म ही कल्पना तत्त्व एक आणि अखंड मानते. भर्तृहरीच्या मते जगाची अनेकता हा त्याचा विवर्त आहे. टोल्किन यांच्या संहितेत मात्र अनेकता प्रारंभापासून गृहीत आहे. प्रत्येक आयनूला इलुवातारच्या मनाचा तेवढाच अंश कळतो, ज्यातून तो स्वतः उद्भवला. म्हणून ते आधी एकेकटे किंवा थोडेथोडे मिळून गातात, इतर ऐकतात. ऐकता ऐकता परस्परांची समज वाढते. या संहितेला एकोपा वर्ज्य नाही. पण तो श्रवणाने कमावलेला एकोपा आहे.

दुष्टत्वाचे चित्रण याच अंगाने पाहिले पाहिजे. मेल्कोर बेसूर झाला आणि सृष्टीत पाप शिरले, एवढेच सहसा सांगितले जाते. मेल्कोरच्या गाण्यालाही अखेरीस स्वतःची एकात्मता लाभते, या तपशिलाकडे मात्र दुर्लक्ष होते. ते गाणे मोठ्या आवाजाचे, पुनरुक्त, मोजक्याच स्वरांवर कर्णे फुंकल्यासारखे आहे. सुसंवाद त्यात नाममात्र आहे. म्हणजे येथे अनिष्टाचे एक रूप कर्कश एकसूर हेही आहे. त्याच्या समोर उभ्या राहिलेल्या गीताचे सौंदर्य प्रामुख्याने दुःखातून येते, आणि ते मेल्कोरचे विजयी स्वरदेखील आपल्या रचनेत सामावून घेते. ‘सर्व नाद एकच’ असे म्हणणाऱ्या वाचनाला या दोन प्रकारच्या ऐक्यांतला भेद दाखवता येत नाही.

दुसरा गैरसमज वृंदाच्या गूढ सामर्थ्याविषयी आहे. आयनूर गातात म्हणून जग निर्माण होते, हे विधान संहितेला धरून नाही. गायन संपल्यावर त्यांना केवळ एक दृश्य दिसते आणि तेही हिरावून घेतले जाते. ‘एआ’ या इलुवातारच्या उच्चाराने जगाला अस्तित्व मिळते. त्यात उतरलेल्या आयनूरांना सारे काही अजून घडवायचेच आहे, असे आढळते. ही फट लेखकाने जाणीवपूर्वक निर्माण केलेली आहे. १९१८ ते १९२० या काळातील पहिल्या खर्ड्यात आयनूरांना प्रत्यक्ष अस्तित्वात आलेले जगच दिसते. दृश्य आणि अस्तित्व यांची फारकत पुढच्या पुनर्लेखनात येते. ‘मॉर्गोथ्स रिंग’ (१९९३) या खंडात संपादक ख्रिस्तोफर टोल्किन यांनी हा बदल स्पष्टपणे नोंदवला आहे. वृंदगान म्हणजे मंत्रसामर्थ्य, हे समीकरण त्यामुळे टिकत नाही.

यावर एक आक्षेप गंभीरपणे घेतला पाहिजे. प्रत्येक स्वराचा अंतिम उगम आपल्यातच आहे, असे इलुवातार मेल्कोरला बजावतो. मग हे अद्वैतच नव्हे काय? नव्हे. उगम एक असणे आणि स्वरूप एक असणे या भिन्न गोष्टी आहेत. मेल्कोरच्या कडाक्याच्या थंडीतून हिम निर्माण होते. ते पाण्याचा अधिपती उल्मो याच्याही कल्पनेत नव्हते. वेगवेगळ्या इच्छा खऱ्या असल्याशिवाय या प्रसंगाला अर्थ उरत नाही. शिवाय इतरांना प्रारब्धवत असलेल्या या संगीतापलीकडे जाऊन आपले जीवन घडवण्याची देणगी मानवांना दिलेली आहे. संगीताच्या सत्तेला संहितेनेच सीमा घातली आहे.

या कथेमागे बहुस्वरी वृंदगानाची युरोपीय परंपरा आहे आणि टोल्किन यांची रोमन कॅथलिक श्रद्धा आहे. आपले अभिजात संगीत रागाच्या एकधारी विस्तारावर उभे आहे. हा फरक विद्यार्थ्याला सांगितलाच नाही, तर त्याच्या हाती फक्त अभिमान उरतो. यात अन्याय केवळ टोल्किन यांच्यावर होत नाही. देवगिरीच्या यादवांच्या आश्रयाने तेराव्या शतकात ‘संगीतरत्नाकर’ लिहिणारा शार्ङ्गदेव आहत आणि अनाहत नादांत काटेकोर भेद करतो; अनाहत मुक्तिदायक असला तरी रंजक नाही, म्हणून आहताच्या विवेचनाकडे वळतो. त्याचे नाव घेणाऱ्यांना हा भेद आठवत नाही. ज्या परंपरेचा कैवार घ्यायचा तिचाच असा शिक्का बनवला जातो.

साम्य दिसणे ही तुलनेची पहिली पायरी आहे, निष्कर्ष नव्हे. सृष्टीच्या मुळाशी एक नाद मानणारी संस्कृती आणि परस्परांना ऐकत गाणारे अनेक कंठ मानणारी कथा, यांत स्वातंत्र्य, दुःख आणि विरोध यांना कोणते स्थान मिळते, हा खरा प्रश्न आहे. तो विचारायचा तर आधी दोन्ही संहिता शेवटपर्यंत वाचाव्या लागतील.